उसळीने रक्त थांबले, तपासणी मात्र लांबली

हे प्रकरण खानापूर तालुक्यातील एका घराचे आहे. ओळख पटू नये म्हणून कामाचे आणि नात्यांचे काही तपशील बदलले आहेत. लिहायला घरच्यांनी आनंदाने होकार दिला. थोरल्या वहिनींनी एवढेच सांगितले, "आमचं नाव नको, पण चुकलं कुठं ते मात्र लिवा." चूक मुख्यतः माझीच होती, म्हणून ती आधी सांगून टाकते. पोटातील जंतूंवर आणि आहारावर माझा इतका भरवसा होता की समोर दिसत असलेली धोक्याची खूण मी आहाराच्या वहीत नोंदवून मोकळी झाले.

पार्श्वभूमी

मी बेळगावात आहारतज्ज्ञ म्हणून काम करते आणि आठवड्यातून एक दिवस खानापूरकडच्या एका दवाखान्यात बसते. नोव्हेंबरात तिथे एक गृहस्थ आले. वय ४७. उद्यमबागेतल्या एका फाउंड्रीत मोल्डिंग खात्यात कामाला. इथे त्यांना दादा म्हणते. सोबत पत्नी आणि थोरली वहिनी होत्या. दादांचा मोठा भाऊ, घरातले आण्णा, त्याच वर्षी जूनमध्ये मोठ्या आतड्याच्या कॅन्सरने गेले. निदान झाले तेव्हा ते ५१ वर्षांचे होते. ऑपरेशन कोल्हापूरला झाले, पण तोवर आजार यकृतापर्यंत पोहोचला होता.

दादांनी खुर्चीत बसताच कापडाच्या दुकानाची एक पिशवी टेबलावर ठेवली. आत कागदांची घडी होती: आण्णांचे रिपोर्ट, कारखान्यातल्या वार्षिक तपासणीचा कागद, आणि मोबाईलवरच्या एका जाहिरातीची छापील प्रत. जाहिरात होती घरबसल्या शौचाचा नमुना पाठवून 'पोटातील जंतूंचा नकाशा' काढून देणाऱ्या किटची. किंमत त्यांच्या महिन्याच्या किराण्याएवढी. नकाशासोबत तीन महिन्यांच्या कॅप्सूल.

"ताई, आण्णाबी ह्याच घरातलं खात हुता," दादा म्हणाले. "एकच चूल, एकच भांडं. मग त्याच्या पोटात जे जंतू हुते ते माझ्या पोटात बी असणार की न्हाई?"

प्रश्न अडाणीपणाचा अजिबात नव्हता. एका छपराखाली राहणाऱ्यांच्या पोटातल्या जिवाणूंमध्ये सारखेपणा असतोच, ते एकमेकांकडे जातातही. माणसाच्या शरीरात साधारण ३८ लाख कोटी जिवाणू असतात असा २०१६ चा अंदाज आहे, म्हणजे जवळजवळ शरीरातल्या पेशींएवढेच, आणि त्यातले बहुतेक मोठ्या आतड्यात. पण घरात जंतू पसरतात म्हणून कॅन्सरही पसरतो असे नाही. भावाच्या आजारामुळे दादांचा धोका वाढला होता हे खरे. आई, वडील, भाऊ किंवा बहीण यांच्यापैकी एकाला आतड्याचा कॅन्सर झालेला असेल तर धोका सर्वसाधारण माणसाच्या सुमारे दुप्पट धरतात. त्यात वारसा असतो, सवयी असतात, आणि जंतूंचाही काही वाटा असू शकतो.

अडचण

दादांची तक्रार दीड वर्षापासूनची. पोट साफ होत नाही, जोर करावा लागतो, "कधीमधी रगात पडूलालंय." गावात सगळ्यांनी मूळव्याध ठरवून टाकली होती. दोनदा जडीबुटीची पुडी झाली, एकदा मलम झाले. त्यांनी स्वतःही कुणाकडून तपासून घेतले नव्हते. लाज हे एक कारण. दुसरे कारण, आण्णांच्या धावपळीत स्वतःचे दुखणे काढायचे नसते असे त्यांना वाटत होते.

मी नेहमीप्रमाणे आदल्या दिवशीचे खाणे विचारले. पहाटे खानापूर स्टँडवर चहा आणि चार खारी. दहाच्या सुट्टीत कॅन्टीनमध्ये पुरीभाजी. दुपारी डब्यात भात आणि पातळ आमटी. संध्याकाळी उतरल्यावर वडापाव. रात्री परत भात. भाजी चमचाभर, फळ नाही. मी मनातल्या मनात हिशेब केला, तंतू, म्हणजे अन्नातला न पचणारा चोथा, दिवसाला १५ ग्रॅमच्या आसपास, म्हणजे कमीच.

हे घर पूर्वी असे खात नव्हते. या भागात भात पिकतो, डोंगराकडे नाचणी. नाचणीची भाकरी, आंबील, हुलग्याची आमटी, मसुराची उसळ हे रोजचे होते. भाकऱ्या वहिनी थापायच्या. आण्णा आजारी पडले, वहिनी त्यांच्यासोबत कोल्हापूरला राहिल्या आणि चुलीवरचा तवा तेव्हापासून उतरला तो उतरलाच. आण्णा गेल्यावर वहिनी परत आल्या, पण पीठ मळायला बसल्या की उठून जायच्या. मग भात लावणे सोपे पडले. हे मला दुसऱ्या भेटीत कळले. पहिल्याच भेटीत विचारायला हवे होते.

कारखान्याच्या कागदावर हिमोग्लोबिन १०.९ होते. पुरुषाचे १३ च्या खाली गेले की रक्तक्षय. मी तो आकडा वाचला, वहीत उतरवला, आणि शेजारी लिहिले: 'लोह कमी. अळीव, गूळ-शेंगदाणे, पालेभाजी, जेवणावर लिंबू.' मटण-मासे खाणाऱ्या, धडधाकट, ४७ वर्षांच्या पुरुषाचे लोह कुठे जाते आहे, हा प्रश्न त्या दिवशी मी विचारलाच नाही.

समोर असलेले पर्याय

पहिला पर्याय त्यांनी सोबत आणलेलाच होता: किट आणि कॅप्सूल. तो मी नको म्हटले, आणि हा निर्णय आजही मला बरोबर वाटतो. कारण मात्र नीट सांगायला हवे. जंतूंचा आणि कॅन्सरचा संबंध खोटा नाही. जठरात राहणारा हेलिकोबॅक्टर पायलोरी हा जिवाणू अल्सरला आणि जठराच्या कॅन्सरला कारण ठरतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या कॅन्सर संशोधन संस्थेने १९९४ मध्ये त्याला माणसात निश्चितपणे कॅन्सर करणाऱ्या घटकांच्या पहिल्या गटात टाकले, आणि त्याच्या शोधासाठी बॅरी मार्शल व रॉबिन वॉरन यांना २००५ चे नोबेल मिळाले. तो तपासता येतो, औषधाने घालवता येतो. मोठ्या आतड्याचे तसे नाही. तिथे तोंडात राहणारा फ्यूसोबॅक्टेरियम न्यूक्लिएटम गाठींमध्ये सापडतो. इ. कोलाय जातीचे काही जिवाणू कोलिबॅक्टिन नावाचे विष तयार करतात, आणि त्या विषाने पेशींच्या डीएनएवर उमटणारी खूण २०२० मध्ये प्रयोगशाळेत दाखवली गेली. पण किटच्या नकाशावरून एका माणसाला 'तुझ्या आतड्यात गाठ आहे' किंवा 'नाही' हे सांगता येत नाही. कॅप्सूलने आतड्याचा कॅन्सर टळतो असेही कुठे सिद्ध झालेले नाही. दादांचे पैसे गेले असते, आणि कागद चांगला आला असता तर घर निर्धास्त झाले असते. ते जास्त वाईट.

दुसरा पर्याय आहार सुधारायचा. तिसरा, शौचातले न दिसणारे रक्त तपासायचे. चौथा, थेट दुर्बीण, म्हणजे कोलोनोस्कोपी. आपल्या सरकारी कार्यक्रमात तोंड, स्तन आणि गर्भाशयमुख यांची तपासणी आहे, आतड्याची नाही. त्यामुळे गावपातळीवर कुणीच दादांना आपणहून बोलावणार नव्हते. खरे तर भाऊ ५१ व्या वर्षी आजारी पडला तेव्हाच, चाळिशी ओलांडलेल्या दादांची पहिली दुर्बीण व्हायला हवी होती. नियम सोपा आहे: चाळीस वर्षे, किंवा नातेवाइकाच्या निदानाच्या वयाच्या दहा वर्षे आधी, यातले जे लवकर येईल ते. आणि दादांना तर रक्त पडत होते. ज्याला उघड रक्त दिसते आहे त्याला तिसऱ्या पर्यायाचाही उपयोग नाही.

मी दुसरा पर्याय निवडला. "दोन महिने खाण्यात बदल करू, मग बघू," असे म्हणाले. ते दोन महिने मला आजही टोचतात.

काय केले

आहाराचे काम मन लावून झाले. आधी वहिनींशी बोलले. भाकरी थापायची जबाबदारी परत त्यांच्यावर टाकायची नाही असे ठरले. दादांची पुतणी आणि पत्नी यांनी आळीपाळीने तवा सांभाळला. तिसऱ्या आठवड्यात वहिनी आपणहून पाटावर बसल्या. पुतणीने मला फोन करून फक्त एवढेच सांगितले, "ताई, थोरल्या काकी आज भाकरी करूलाल्यात."

हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेच्या तक्त्यांप्रमाणे १०० ग्रॅम नाचणीत सुमारे ११ ग्रॅम तंतू असतात, ज्वारीत १०, पॉलिश तांदळात ३ च्याही आत. डब्यात भाताऐवजी दोन भाकऱ्या आल्या, आमटी घट्ट झाली, खारीच्या जागी पहाटे आंबील आली, आणि संध्याकाळी वडापावऐवजी पेरू. मटण मी बंद केले नाही. वहिनींना त्याची फार भीती बसली होती. त्यांना समजावून सांगितले की २०१५ मध्ये कॅन्सर करणाऱ्या घटकांच्या पहिल्या गटात टाकले ते सॉसेज, हॅमसारखे प्रक्रिया केलेले मांस, रोज ५० ग्रॅममागे धोका सुमारे १८ टक्क्यांनी वाढतो तो त्याचा. रविवारच्या रश्श्याचा हा हिशेब नाही, प्रमाण सांभाळले की पुरे.

एक चूक इथेही झाली. मी सगळे एकदम वाढवले. चौथ्या दिवशी दादा पहिल्या पाळीत भट्टीजवळ उभे असताना पोट ढोलासारखे फुगले आणि त्यांना अर्ध्या दिवसाची रजा टाकावी लागली. हुलग्यांतली काही साखर आपल्याला पचत नाही, ती खाली जिवाणूंच्या वाट्याला जाते आणि त्यांना सवय नसेल तर वायू फार होतो. मग हुलगे रात्रभर भिजवून, ते पाणी टाकून, आठवड्यातून दोनदा, तेही सुट्टीच्या आदल्या रात्री, असे सुरू केले. बाकीच्या दिवशी मसूर. चार आठवड्यांत पोटाला सवय झाली.

तंतू खाली गेल्यावर जिवाणू ते आंबवतात आणि ब्युटिरेट नावाचे आम्ल तयार होते. मोठ्या आतड्याच्या अस्तराच्या पेशी मुख्यतः त्यावरच जगतात. २०१५ मध्ये छापून आलेल्या एका प्रयोगात २० कृष्णवर्णीय अमेरिकनांना आणि ग्रामीण दक्षिण आफ्रिकेतल्या २० जणांना दोन आठवडे एकमेकांचे जेवण दिले. तंतूंचे जेवण खाणाऱ्या अमेरिकनांच्या आतड्यातला दाह कमी झाला, ब्युटिरेट वाढले. दुसऱ्या बाजूला नेमके उलटे झाले. अवघ्या १४ दिवसांत एवढा फरक! हे मी दादांना सांगितले तेव्हा माझ्याच अंगावर काटा आला होता. दुसऱ्या अभ्यासांची गोष्ट मात्र मी गाळली. पॉलिप, म्हणजे आतड्याच्या अस्तरावर वाढणारी गाठ, काढलेल्या लोकांना काही वर्षे जास्त तंतूंचे जेवण देऊन पाहणाऱ्या दोन मोठ्या चाचण्या २००० मध्ये प्रसिद्ध झाल्या, आणि दोन्हींत नवे पॉलिप येणे कमी झाले नाही. आहाराचा फायदा आयुष्यभराच्या सवयीतून दिसतो. रोज १० ग्रॅम तंतू जास्त खाणाऱ्यांत आतड्याचा कॅन्सर साधारण १० टक्क्यांनी कमी आढळतो. आधीच तयार झालेली गाठ भाकरीने विरघळत नाही.

डिसेंबर संपताना दादा हसत आले. पोट रोज साफ, जोर करावा लागत नाही, आणि रक्त महिनाभर दिसलेच नाही. मीही खूश झाले. वहीत लिहिले, 'तक्रार नाही.'

जानेवारीत दादांच्या पत्नीने किटचा विषय पुन्हा काढला. "आता बरं वाटतंय, तर तपासून खात्री करून घेऊया काय?" त्या दिवशी दवाखान्यातले वयस्क सर्जन शेजारच्याच खोलीत होते. किट नको हे त्यांच्या तोंडून ऐकले तर घरच्यांना पटेल म्हणून मी पिशवी त्यांच्यापुढे ठेवली. त्यांनी किटची जाहिरात बाजूला सारली, कारखान्याचा कागद उचलला, मग आण्णांचा रिपोर्ट, आणि मला विचारले, "रक्त थांबलं असं कुणी सांगितलं? दिसायचं थांबलंय." त्याच दिवशी पुन्हा हिमोग्लोबिन केले. १०.७. दोन महिने अळीव, गूळ-शेंगदाणे आणि लिंबू, आणि आकडा वर यायच्या ऐवजी खाली.

मल मऊ झाला होता, कुंथणे थांबले होते, म्हणून वरवरचे लाल रक्त दिसेनासे झाले. आतून झिरपणे चालूच होते.

बेळगावात आठवड्याभरात दुर्बिणीची तारीख मिळाली, खर्चाचा प्रश्न कामगार विम्याने सोडवला. पण पहिली तपासणी फुकट गेली. तयारीच्या सूचनांचा कागद इंग्रजी आणि कन्नडमध्ये होता. दादा मराठी शाळेत शिकलेले. नर्सबाईंनी तोंडी मराठीत सांगितले होते, जुलाबाच्या पावडरीचे पाणी कसे प्यायचे तेही सांगितले, पण 'दोन दिवस साधं जेवण' याचा अर्थ दादांनी आपल्या घरातले साधे जेवण असा घेतला. साधे म्हणजे भाकरी, उसळ, पेरू. तंतू कधी सोडायचे नाहीत हे मीच त्यांच्या मनावर ठसवले होते. आतडे स्वच्छ झाले नव्हते, पेरूच्या बिया जागोजागी. दहा दिवसांनी दुसरी तारीख मिळाली.

त्या दहा दिवसांत मी एक पान मराठीत लिहून काढले. दोन दिवस भाकरी, कडधान्य, पालेभाजी, पेरू, टोमॅटो, तीळ, शेंगदाणे बंद. चालेल ते पांढऱ्या तांदळाचा भात, गाळलेल्या वरणाचे पाणी, दही, अंडे, साल काढलेला उकडलेला बटाटा. आदल्या दिवशी तेही बंद, फक्त गाळलेली पेज, शहाळे, बिनदुधाचा चहा. पान वहिनींना वाचायला लावले आणि त्यांच्याच तोंडून परत ऐकून घेतले. त्यांनी ते पान चुलीशेजारच्या फडताळाला चिकटवले आणि दोन दिवस दादांच्या ताटावर स्वतः लक्ष ठेवले.

काय निघाले

मोठ्या आतड्याच्या डाव्या, खालच्या भागात देठ असलेला १८ मिलिमीटरचा एक पॉलिप आणि दोन बारीक पॉलिप निघाले. तिन्ही त्याच वेळी तारेच्या फासाने काढले. मोठा पॉलिप अ‍ॅडिनोमा होता, पुढे जाऊन कॅन्सर होऊ शकणारा, पण अजून न झालेला. कडा स्वच्छ होत्या. अशा पॉलिपचा कॅन्सर व्हायला सहसा दहा-एक वर्षे लागतात. दादांच्या पॉलिपची त्यातली किती सरली होती हे कुणी सांगू शकत नाही. पुढची दुर्बीण तीन वर्षांनी. लोहाच्या गोळ्या सुरू झाल्या. एप्रिलअखेर हिमोग्लोबिन १३.१ झाले.

भाकरी चालू आहे. पाळीवर जाताना आंबील बाटलीत असते. तंबाखूची चिमूट मात्र अजून सुटलेली नाही, थोडी कमी झाली एवढेच.

पुन्हा वेळ आली तर

पहिल्या भेटीत पिशवीतले तीन कागद वेगवेगळे वाचले, तीच मूळ चूक. भावाचा कॅन्सर, पडणारे रक्त आणि पुरुषाचा रक्तक्षय, यातली कुठलीही एक गोष्ट डॉक्टरांकडे पाठवायला पुरेशी होती. तिन्ही एकाच पिशवीत होत्या. आता माझ्या वहीच्या पहिल्या पानावर आहाराच्या आधी चार प्रश्न असतात: शौचात रक्त, शौचाच्या सवयीत नवा बदल, कारण नसताना वजन घटणे, पुरुषात किंवा पाळी थांबलेल्या बाईत हिमोग्लोबिन कमी. एकालाही 'होय' आले तर आहार सांगते, पण चिठ्ठीही त्याच दिवशी देते. आहार आणि तपासणी यांत आधी कुठले, असा प्रश्न नव्हताच. मीच तो तसा केला.

तक्रार बरी होणे म्हणजे कारण गेले असे नाही, हे मला पुस्तकातून ठाऊक होते. पण तंतूंनी इतक्या लवकर आराम पडतो की सांगणाऱ्यालाही भूल पडते. आमच्या धंद्यातल्या लोकांनी याबद्दल आपसात जास्त बोलायला हवे.

आण्णांच्या बाबतीतही एक गोष्ट राहून गेली. त्यांच्या गाठीच्या तुकड्यावर डीएनए दुरुस्तीच्या प्रथिनांची तपासणी झाली असती, तर आजार घराण्यातून येणारा आहे का याचा अंदाज आला असता. रुग्णालये असे नमुने मेणाच्या ठोकळ्यात जपून ठेवतात. दादांच्या अहवालानंतर आम्ही तो ठोकळा मागवला आहे. वहिनींची दोन्ही मुले विशीत आहेत. ठोकळ्यावर काही निघाले नाही तर त्यांची पहिली दुर्बीण चाळिशीला, निघाले तर आत्ताच बोलावे लागेल.

दादांची एक धाकटी बहीण चंदगडकडे दिली आहे. वय ४४. तिला दोनदा फोन झाला. मराठीतले ते पान तिच्याकडे पोहोचले आहे, तक्रार काही नाही म्हणते, घरात जनावरे आहेत, माणूस नाही. गेल्या मंगळवारी वहिनी स्वतः एसटीने तिच्याकडे जाऊन आल्या. "गणपती झाले की येते म्हणाली," त्यांनी मला सांगितले, "पण मी तारीख घेऊनच आलेय."